जर्मन बाईंची गाडी

मी एक पांढरी व्हॅन. दोह्याबाहेर, साल्वाकडे जाणाऱ्या रस्त्याच्या कडेला, मोडीत निघालेल्या गाड्यांच्या आवारात उभी आहे. माझी चाकं काढून नेली, काचा गेल्या, इंजिन तर कधीच दुसऱ्या कुणाच्या पोटात गेलं. वारा आला की वाळू एका दारातून आत येते आणि दुसऱ्या दारातून निघून जाते. बोलायला अजून जमतंय, तोवर बोलून घेते.

जन्म माझा जपानचा. जहाजातून दोह्याच्या बंदरात उतरले तेव्हा सन होतं अठ्ठ्याहत्तर. शहरात जिकडेतिकडे खणाखणी चालली होती. रस्ते, नळ, गटारं, इमारती, सगळं एकाच वेळी. मला विकत घेतलं युसुफनं. तो कतारी. त्याचे वडील मोती काढायच्या होड्यांवर काम करायचे, हा गाड्या भाड्यानं द्यायचा. बिन महमूद या वस्तीत त्याचं एका खोलीचं ऑफिस होतं. बायकामाणसांना घेऊन जाणारी गिऱ्हाइकं मिळावीत म्हणून त्यानं माझ्या खिडक्यांना तपकिरी पडदे लावून घेतले आणि किल्ली निवृत्तीच्या हातात दिली.

निवृत्ती साताऱ्याकडचा, माण तालुक्यातला. गावाकडे ट्रक चालवलेला माणूस. बायको लक्ष्मीबाई आणि मुलं गावी. इथं दिवसभर हिंदी आणि मोडकं इंग्रजी बोलून त्याची जीभ आंबायची. मग गाडीत एकटा असला की माझ्याशीच मराठी बोलायचा. "आज लई तापलीस गं बाई." "थांब, तुला पाणी देतो, मंग मी पितो." मी मराठी शिकले ती अशी.

ऐंशी सालच्या जानेवारीत युसुफनं त्याला एक नवं गिऱ्हाईक दिलं. रेनाटे नावाची जर्मन बाई. चाळिशीची, उंच, पुरुषी शर्ट घालणारी. ती माहितीपट बनवायची. तिच्या देशात कारखान्यांत कामाला आलेले तुर्की लोक, त्यांच्या खोल्या, त्यांची आजारपणं यांवर तिनं आधी सिनेमे केले होते. इथं मात्र परवानगी होती ती नव्या शहराची. बंदर, समुद्राकाठचा रस्ता, खाऱ्या पाण्याचं गोडं करायचा कारखाना. कॅमेरा ती स्वतःच चालवायची, आणि कडेवर मूल घ्यावं तसा तो वागवायची. आवाज धरायला सोबत कुणी नव्हतं. दोन दिवसांत तिनं निवृत्तीच्या हातात माइकची काठी दिली. तो लाजला, पण त्याला ते आवडलं.

संध्याकाळी कामगारांच्या बसगाड्या शहराबाहेर निघाल्या की रेनाटे माझा पडदा बाजूला करून बघत बसायची. खिडकीला टेकलेली झोपलेली डोकी, चुन्यानं पांढरे झालेले हात.

"हे लोक कुठं राहतात, मिस्टर निवृत्ती?" एकदा तिनं विचारलं. तिच्या तोंडी ते 'निफृत्ती' व्हायचं.

"उधर शूटिंग नहीं, मॅडम."

"शूटिंग नको. नुसतं बघायचं."

तो तिला एका कॅम्पावरून घेऊन गेला. तारेचं कुंपण, पत्र्याच्या खोल्या, दारात पहारेकरी. आम्ही थांबलो नाही.  पुढं गेल्यावर निवृत्तीनं गाडी कडेला घेतली, हँडब्रेक ओढला आणि स्वतःहून सांगायला लागला.

त्या कॅम्पातला बाजीराव नावाचा एक पोरगेला गडी ऑक्टोबरात चरात गाडला गेला होता. गटाराचा नळ टाकायला खोल चर खणला होता, त्याची माती अंगावर आली. तो निवृत्तीच्या पलीकडच्या गावचा. त्याचं प्रेत अजून हॉस्पिटलच्या बर्फात पडून होतं. कंत्राटदाराची सही झाल्याशिवाय ते घरी जाणार नव्हतं, आणि कंत्राटदार सही करत नव्हता.

"का?" रेनाटेनं विचारलं.

"तो म्हणतो, बाजीराव न विचारता चरात उतरला. सोबतच्या माणसांनी तसं लिहून द्यावं, मग सही. कुणी देत नाही."

"त्या माणसांपैकी कुणी माझ्याशी बोलेल?"

 निवृत्ती म्हणाला, "एक आहे. विचारतो."

तो एक म्हणजे शहाजी. बाजीरावाचा मेहुणा. बाजीरावाच्या बहिणीचा, विठाबाईचा, नवरा. लोखंडी सळया कापायचं आणि बांधायचं काम करायचा. शुक्रवारी सुट्टीच्या दिवशी कामगारांची बाजारात गर्दी उसळते, त्या गर्दीतून निवृत्तीनं त्याला माझ्यात बसवलं. मदिनत खलीफाच्या नव्या बंगल्यांच्या पलीकडे तेव्हा मोकळं रान होतं. तिथं एका अर्धवट भिंतीच्या आडोशाला मला उभं केलं आणि पडदे ओढून घेतले. शहाजीनं खिशातून टोपी काढून डोक्यावर घातली, जसं कुणाच्या घरी आल्यावर घालावी.

"निवृत्तीभाऊ, माझं तोंड दिसंल का त्यात?"

निवृत्तीनं विचारलं. रेनाटे म्हणाली, "चेहरा येणार नाही. माझा शब्द."

"मॅडम शब्द देत्यात," निवृत्ती म्हणाला.

तिनं कॅमेरा खाली घेतला आणि त्याच्या मांडीवरच्या हातांवर रोखला. डाव्या हाताची दोन बोटं अर्धी होती. सळई कापायच्या मशीनवर गेली होती. त्या दुपारी माझ्यात तीन माणसं होती आणि तिघांनाही ती बोटं दिसत होती. पण शहाजीला ती सवयीची, निवृत्तीला ओळखीची, आणि रेनाटेला ती सिनेमासाठी फार बोलकी वाटली असावीत.

शहाजी सावकाश बोलला.

"ह्यो माझा मेव्हणा. बायकूचा धाकला भाऊ. म्याच त्याला हिकडं आणला. चर खोल असला की दोन्ही अंगाला फळ्या लावत्यात. त्या लावल्या न्हवत्या. सकाळीच त्यो मला म्हनला, दाजी, माती सुटतीया. म्या म्हनलं, फोरमनला सांग. त्यानं सांगितलं. फोरमननं ऑफिसात सांगितलं. ऑफिस म्हनलं, फळ्या उद्या येत्याल, यल्ला, काम चालू. दुपारच्याला एक अंगच खाली आलं. आमी हातानं उकरलं. फावडं कुनी मारीना, त्याला लागंल म्हनून. वर काढला तवा त्याच्या तोंडात माती व्हती. म्या बोटानं काढली. आता ऑफिस म्हनतंय, लिवून द्या, त्यो आपल्या मनानं उतरला. कसं लिवून देऊ? माझी सासू, हौसाबाई, गावात रोज विचारतीया, पोरगं कवा आणताय? हितं आपल्यावानी जाळायची सोय न्हाय. पुरा म्हनत्यात. तिला पुरलेला नगं. तिला बघायचा हाय."

कॅमेऱ्याची घरघर मध्येच थांबली. रेनाटेनं घड्याळ बघितलं, काळी पिशवी काढली, तिच्यात हात घालून काहीतरी बदललं. मग खालच्या आवाजात निवृत्तीला म्हणाली, "रीळ संपलं होतं. शेवटचं सगळं पुन्हा सांगायला सांगशील?"

निवृत्तीनं ते मराठीत सांगितलं, पण शहाजीकडे न बघता.

शहाजीनं पुन्हा सांगितलं. तेच शब्द, त्याच क्रमानं. पहिल्यांदा 'म्या बोटानं काढली' म्हणताना त्याचा आवाज फुटला होता. दुसऱ्यांदा फुटला नाही. मला ते दुसरं सांगणं जास्त जड गेलं.

रेनाटे आपली रिळं घेऊन गेली. उन्हाळा लागला. एप्रिलच्या शेवटी बातमी आली की तो सिनेमा जर्मनीत टीव्हीवर दाखवला. त्या गटाराच्या कामात एक जर्मन सल्लागार कंपनी भागीदार होती. तिकडच्या वर्तमानपत्रांनी तिला विचारलं, तिनं दोह्यात कंत्राटदाराला विचारलं, आणि इतके महिने न झालेली सही दोन दिवसांत झाली. कुणी काही लिहून न देता झाली. निवृत्तीनं स्टिअरिंगवर थाप मारली. "सुटला बाजीराव! ऐकलंस का गं?"

आठवडाभरानं बाजीरावाचा फोरमन, जहूर, संध्याकाळी निवृत्तीला शोधत आला. तो पेशावरकडचा, धिप्पाड माणूस. माझ्यात येऊन बसला, दार लावून घेतलं आणि गुडघ्यांवर हात ठेवून खाली बघत राहिला.

"ऑफिस में वीडियो आया है. जर्मन इंजिनियर लाया. मॅनेजर ने सब फोरमन को बुलाया. बोला, ये हाथ किसका है?"

निवृत्तीचा चेहरा उतरला. "तूने बताया?"

"कसम से, नहीं. मैंने बोला, मालूम नहीं." जहूरनं मान हलवली. "मॅनेजर हँसने लगा. बोला, मुझे मालूम है. हमारी ही मशीन पर कटी हैं उँगलियाँ."

 गाडी सुरू करायचीही निवृत्तीला शुद्ध राहिली नाही.

शहाजीला मारलं नाही की तुरुंगात टाकलं नाही. कंत्राटदार शहाणा होता. प्रेतासोबत नात्यातलं कुणीतरी जायला लागतं, तर हाच जाऊ दे, असं त्यानं ठरवलं. कागदावर सगळं स्वच्छ झालं. मेहुणा मेहुण्याला पोचवायला गेला. फक्त परत यायचं दार त्याच्यामागं बंद झालं.

पेटी हॉस्पिटलमधून विमानतळावर न्यायला गाडी हवी होती. निवृत्ती युसुफकडे गेला आणि म्हणाला, "मी नेतो." युसुफनं क्षणभर त्याच्याकडे बघितलं आणि स्वतः येऊन माझ्या मागच्या सीटा काढायला मदत केली. "अल्लाह त्याच्यावर दया करो," एवढंच तो म्हणाला.

मे महिन्याचं ऊन होतं. पेटी मागं होती, शहाजी पुढं निवृत्तीशेजारी. कंत्राटदाराचा माणूस शहाजीचा पासपोर्ट घेऊन दुसऱ्या गाडीत पुढं चालला होता. शहाजीकडे सामान म्हणून एक कापडी पिशवी होती. खोलीवर जाऊन बाकीचं आणायला त्याला सोडलं नव्हतं.

"शहाजीभाऊ, माझ्यामुळं झालं हे," निवृत्ती म्हणाला. "मीच तुला गाडीत बसवला."

"आरं, बसलो तर म्या." शहाजीनं मागं वळून पेटीकडे बघितलं. गाडी खड्ड्यात आदळली की तो हात मागं नेऊन पेटी धरायचा. "म्या बोललो ते ह्याच्यासाठीच ना? चाललाय त्यो घरला. खलास."

"पुढं काय करशील?"

"बघू. आधी सासूला तोंड दाखवायचं हाय."

विमानतळावर पेटी उतरवली. शहाजी उतरला, दार लावलं आणि जाताना माझ्या पत्र्यावर तळहात टेकवून गेला. मी तेव्हा इतकी तापले होते की त्याला चटका बसला असणार.

त्यानंतर युसुफनं मला परदेशी गिऱ्हाइकांना देणं बंद केलं. पोलिसांनी त्याला दोनदा बोलावून विचारलं होतं. तो म्हणाला, प्रवासी सांगेल तिथं माझा ड्रायव्हर जातो. निवृत्तीची नोकरी त्यानं वाचवली, पण लोक मला 'जर्मन बाईंची गाडी' म्हणायला लागले होते, आणि ते नाव धंद्याला बरं नव्हतं. सीटा परत बसवल्याच नाहीत. मी भाजी वाहू लागले. अल सद्दच्या दुकानांना टोमॅटो, कांदे, कोबी. पडदे विटले, मग फाटले, मग निवृत्तीनं त्यांची पुसायची फडकी केली. कधी पहाटे वाटेत जहूर भेटला तर तो पुढं बसून यायचा. पूर्वी तो खूप बोलायचा. आता दोघंही गप्प बसायचे.

शहाऐंशी साली रेनाटे परत आली. केस पांढरे झाले होते, कॅमेरा आधीपेक्षा लहान होता. आता ती मोती काढणाऱ्या म्हाताऱ्यांवर काहीतरी करत होती. तिनं युसुफचं ऑफिस शोधून काढलं, निवृत्तीला बघून आनंदानं त्याचे दोन्ही हात धरले आणि माझ्यात चढून बसली. आतला कांद्याचा वास तिला कळला नाही असं तिनं दाखवलं.

"शहाजी कसा आहे?"

"गेला, मॅडम."

"मेला?"

"घरी गेला. तुमचा पिक्चर लागला, त्याच्या पुढच्या महिन्यात. काढला त्याला."

"शक्य नाही. चेहरा मी दाखवला नव्हता." ती भराभर बोलायला लागली. "आवाजसुद्धा नाही. आमच्या टीव्हीवर वरून जर्मन आवाज टाकतात. त्याचा स्वतःचा आवाज अगदी खाली होता, ऐकूच येत नव्हता. मी भांडले त्यासाठी, पण मग वाटलं, बरंच झालं, आवाजावरून कुणी ओळखणार नाही."

निवृत्तीनं स्टिअरिंगवरून डावा हात उचलला. तिच्यासमोर धरला आणि दोन बोटं मुडपली.

ती त्या हाताकडे बघत राहिली. बाहेर कुणीतरी हॉर्न वाजवत होतं. निवृत्तीनं हात खाली घेतला तरी तिची नजर हवेत तिथंच होती.

"मला कुणी कळवलं नाही," ती म्हणाली.

"कोण कळवणार? तुम्ही गेलात ते गेलात. पत्ता कुठं होता आमच्याकडे?" मग त्याचा सूर खाली आला. "मॅडम, बाजीराव घरी पोचला. ते तुमच्यामुळं. ते पण खरं आहे, आणि हे पण खरं आहे."

रेनाटेचा हात मांडीवरच्या कॅमेऱ्याच्या पिशवीवर गेला होता. बहुधा तिच्याही नकळत. "हे तू मला कॅमेऱ्यासमोर सांगशील?"

"नाही, मॅडम," निवृत्ती म्हणाला. "माझे पण हात लोक ओळखतात."

तिनं पिशवी उचलून पायाशी ठेवली.  उतरताना म्हणाली, "मी त्याच्या गावी जाते."

"जावा. पण ते घेऊन जाऊ नका," निवृत्तीनं पिशवीकडे बोट दाखवलं.

ती जाईल असं मला वाटलं नव्हतं. निवृत्तीलाही नाही. पण पुढच्या वर्षी तो रजेवरून परत आला आणि एका सकाळी भाजी घेऊन जाताना त्यानं शेजारी बसलेल्या जहूरला सगळं सांगितलं. म्हणून मला कळलं.

रेनाटे गेली होती. कॅमेरा न घेता. पुण्याहून सुचित्रा नावाची एक मुलगी तिनं दुभाषी म्हणून सोबत नेली होती. शहाजी आता खडी फोडायच्या क्रशरवर राखणदार होता. पुन्हा आखातात जायचा त्यानं प्रयत्न केला होता, पण मुंबईच्या एजंटानं सांगितलं, तुझं नाव तिकडं काळ्या यादीत लागलंय. अर्ध्या बोटांना सळयांचं काम गावाकडे कुणी देत नव्हतं. आपल्याला हाकलून दिलं हे त्यानं गावात कुणाला सांगितलं नव्हतं. बायकोलाही नाही.

विठाबाईनं पाहुणीला चहा केला. म्हातारी हौसाबाई काठी टेकत आली, खाली बसली आणि रेनाटेच्या गालावरून हात फिरवत म्हणाली, "हिनं माझं पोरगं आणून दिलं." सुचित्रानं ते सांगितलं तेव्हा रेनाटेनं मान खाली घातली. शहाजी समोर बसला होता. डावा हात त्यानं खांद्यावरच्या टॉवेलात गुंडाळून ठेवला होता.

रेनाटे म्हणाली, मी माफी मागायला आले. त्यावर शहाजीनं विठाबाईकडे चोरून बघितलं आणि घाईघाईनं मान हलवली, आता हे इथं नको म्हणून. मग त्यानं स्वतःच एक प्रश्न विचारला. इतकी वर्षं तो त्याच्या मनात असावा.

"माझं बोलणं तिकडं लोकांना नीट ऐकू गेलं का?"

सुचित्रानं विचारलं. रेनाटे थोडा वेळ थांबली.

"हो," ती म्हणाली.

"समदं?"

"सगळं."

शहाजीचा चेहरा उजळला. "बग," तो विठाबाईला म्हणाला, "दोनदा सांगितलं व्हतं म्या." आणि टॉवेलातून हात काढून त्यानं चहाचा कप घेतला.

ही गोष्ट शहाजीनंच निवृत्तीला मोठ्या खुशीनं सांगितली होती. निवृत्तीला खरं काय ते माहीत होतं. तो काही बोलला नाही. हे ऐकून जहूरनं खिडकीकडे तोंड फिरवलं. "सही किया, भाई," एवढं म्हणाला.

अठ्ठ्याऐंशीत निवृत्ती कायमचा गावी गेला. नव्या ड्रायव्हरला माझी भाषा येत नव्हती आणि मलाही त्याची आली नाही. मग एकदा इंजिन बसलं. युसुफनं दुरुस्तीचा विचार केला, सोडून दिला, आणि मला इथं आणून टाकलं. आवाराच्या त्या टोकाला मोठं यंत्र आहे. त्यात गाडी घालतात आणि पेटीएवढा चौकोन करून बाहेर काढतात. माझ्या रांगेतल्या पुढच्या गाड्या गेल्या. आता पाळी माझीच.

मला वाचवा असं म्हणत नाही. पत्राच आहे, जाईल. मागणं एवढंच, की कधी माण तालुक्यात, म्हसवडच्या बाजूला गेलात आणि खडीच्या क्रशरवर अर्ध्या बोटांचा राखणदार दिसला, तर त्याच्याजवळ घटकाभर बसा. त्याला बोलायला आवडतं. पण त्या जर्मन आवाजाचं त्याला सांगू नका.